समोर कोण बसलं होतं?

प्रिय बाळ,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र सावकाश वाचलं. एम.ए. मानसशास्त्रात करावं की भाषाशास्त्राकडे वळावं, हा तुझा वरचा प्रश्न. खरी अडचण पुढच्या पानांवर आहे. एक पुस्तक म्हणतं मन म्हणजे मेंदू. दुसरं म्हणतं मन घडतं ते भाषेमुळं. तिसरं म्हणतं शरीर वगळलं तर मनाबद्दल बोलण्यात अर्थ नाही. आणि घरी आजोबा म्हणतात, हे सगळं आपल्या दर्शनांत आधीच लिहून ठेवलंय. यातलं खरं कुठलं, असं तू विचारतोस.

बाजू निवड असं मी सांगणार नाही. एक सवय मात्र आत्तापासून लावून घे. मनाबद्दलचा कुठलाही सिद्धांत हातात आला की आधी शोध, हे लिहिणाऱ्याच्या समोर कोण बसलं होतं?

१८६१ साली पॅरिसजवळच्या बिसेत्र रुग्णालयात पॉल ब्रोका या शल्यचिकित्सकासमोर लबोर्न्य नावाचा माणूस होता. तिशीत वाचा गेलेली, पुढची एकवीस वर्षं रुग्णालयातच काढलेली. काहीही विचारलं तरी ‘टॅन, टॅन’ एवढंच उत्तर. समोरच्याचं बोलणं मात्र त्याला बरंच कळायचं, आकडे तो बोटांनी दाखवायचा, आणि चिडला की शिवी अगदी स्पष्ट यायची. तो वारल्यावर ब्रोकानं मेंदू पाहिला, डाव्या बाजूला पुढच्या भागात इजा दिसली, आणि बोलण्याची क्षमता तिथं असल्याचं त्यानं मांडलं. १८७४ मध्ये कार्ल वेर्निके या जर्मन डॉक्टरांनी वेगळे रुग्ण वर्णन केले, घडाघडा बोलणारे पण ज्यांच्या बोलण्याचा अर्थ लागत नाही असे. त्यांची इजा मागच्या भागात होती. तुझ्या पाठ्यपुस्तकातल्या आकृतीत हे दोन भाग रंगवून ठेवलेत, आणि परीक्षेला तेवढं पुरतं. लबोर्न्यचा मेंदू जपून ठेवलेला होता म्हणून २००७ मध्ये त्याचं एमआरआय काढता आलं. इजा ब्रोकाला दिसली त्याहून बरीच खोल निघाली. ब्रोकानं मेंदू कापला नव्हता, वरून दिसलं तेवढंच लिहिलं होतं. आकृती पाठ करताना हेही लक्षात असू दे.

त्या शिवीकडे मात्र नीट बघ, कारण ती आपल्या गल्लीतही ऐकू येते. इथं कोल्हापुरातच शुक्रवार पेठेत माझ्या ओळखीचे एक वृद्ध गृहस्थ आहेत. लकवा मारल्यापासून बोलणं गेलं. सून वाटी पुढं धरून विचारते, बाबा, हे काय? ते वाटीकडे बघतात, ओठ हलतात, ‘ते... ते... अगं ते...’ आणि कपाळावर घाम येतो. संध्याकाळी देवासमोर आरती सुरू झाली की तेच गृहस्थ ‘सुखकर्ता दुःखहर्ता’ शेवटच्या कडव्यापर्यंत म्हणतात, एकही शब्द न चुकता. घरातल्यांना वाटायचं, म्हातारा मुद्दाम करतोय. यावरून त्या घरात भांडणं झालीत.

ते मुद्दाम करत नाहीत. ह्यूलिंग्ज जॅक्सन या इंग्रज डॉक्टरांनी एकोणिसाव्या शतकातच हा भेद मांडला होता. ठरवून, नवं वाक्य जुळवून बोलणं वेगळं. तोंडात बसलेलं, आपोआप येणारं बोलणं वेगळं. पाढे, वार, प्रार्थना, शिव्या दुसऱ्या प्रकारात येतात, आणि डावी बाजू दुखावली तरी पुष्कळदा शाबूत राहतात. चालीवर म्हणण्यात मेंदूच्या उजव्या बाजूचाही हात असतो. याच आधारावर १९७३ मध्ये बॉस्टनमध्ये सुरावर बोलायला शिकवण्याची उपचारपद्धत मांडली गेली. मी त्या सुनेला एवढंच समजावलं, तेव्हा ती रडली. आपला विषय कशासाठी शिकायचा हे मला त्या घरात पुन्हा एकदा कळलं.

शरीराचं म्हणशील तर लांब जायला नको. गंगावेस नाहीतर मोतीबाग तालमीत वस्तादांची परवानगी काढ आणि पहाटे बाजूला बसून बघ. ढाक हा कुस्तीतला डाव कसा मारायचा हे वस्ताद वाक्यांत फारसं सांगत नाहीत. पोराची कंबर धरून वळवतात, पाय पायानं सरकवतात, ‘हां, आता’ एवढंच म्हणतात. कित्येक महिने तेच. मग एक दिवस डाव बसतो. कसा मारलास म्हणून त्या पोराला विचार. सांगता सांगता तो अडखळेल आणि शेवटी उठून करूनच दाखवेल.

आता याच्या शेजारी हेन्री मोलेसनला ठेव. १९५३ मध्ये अमेरिकेत त्याची अपस्माराची शस्त्रक्रिया झाली आणि दोन्ही बाजूंच्या हिप्पोकॅम्पसचा, म्हणजे नवी आठवण टिकवायला लागणाऱ्या मेंदूतल्या भागाचा, बराच हिस्सा काढला गेला. झटके कमी झाले, पण नवी आठवण टिकेना. ब्रेंडा मिल्नर या मानसशास्त्रज्ञ बाईंनी त्याला आरशात बघून चांदणीची आकृती गिरवायला दिली. दर दिवशी त्याला वाटायचं हे आपण पहिल्यांदाच करतोय, आणि दर दिवशी त्याचा हात आदल्या दिवसापेक्षा सफाईनं चालायचा. स्मृती एकाच जातीची असते, हा समज त्या हातानं मोडून काढला. तालमीतलं पोर आणि हेन्री यांची गाठ कुठल्याच एका विभागाच्या अभ्यासक्रमात पडणार नाही, ती तुलाच घालायची आहे.

भावनेचं कोडंही शरीरातूनच निघतं. विल्यम जेम्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी १८८४ मध्ये मांडलं की आधी शरीर ढवळतं आणि त्या ढवळण्याची जाणीव म्हणजेच भावना. वॉल्टर कॅनन या शरीरक्रियाशास्त्रज्ञांनी १९२७ मध्ये हरकत घेतली. धडधड रागातही होते, भीतीतही होते आणि तापातही, मग फरक कळतो कशानं? हा वाद अजून मिटलेला नाही. नाट्यशास्त्रात भरतमुनींनी स्तंभ, स्वेद, रोमांच, स्वरभंग, कंप, वैवर्ण्य, अश्रू आणि प्रलय (शुद्ध हरपणं) असे आठ सात्त्विक भाव, म्हणजे शरीरावर उमटणाऱ्या भावनेच्या खुणा, सांगितले, तेही याच संदर्भात वाच. फक्त त्यांच्यासमोर नट होता, जेम्स यांच्यासमोर मुख्यतः स्वतःचाच अनुभव होता.

भाषेकडे येताना रशियन मानसशास्त्रज्ञ वायगॉट्स्की आधी घे. त्यांच्यासमोर लहान मुलं होती. खेळताना मूल स्वतःशीच मोठ्यानं बोलतं. स्विस मानसशास्त्रज्ञ पियाजे यांच्या मते ते आत्मकेंद्री बोलणं, वयाबरोबर विरून जाणारं. वायगॉट्स्की म्हणाले, ते विरत नाही, आत जातं आणि विचाराला आकार देतं. काम अवघड केलं की मुलाचं हे बोलणं वाढतं, हे त्यांनी पाहिलं होतं. त्यांचे सहकारी लुरिया १९३१-३२ मध्ये उझबेकिस्तानात गेले आणि शाळेत न गेलेल्या शेतकऱ्यांना त्यांनी विचारलं, दूर उत्तरेला, जिथं बर्फ असतो तिथं सगळी अस्वलं पांढरी असतात. नोव्हाया झेम्ल्या दूर उत्तरेला आहे. तिथली अस्वलं कुठल्या रंगाची? उत्तर आलं, माहीत नाही, मी काळं अस्वल बघितलंय, दुसरी बघितली नाहीत. लुरिया यांनी याचा अर्थ लावला की अमूर्त विचार शिक्षणानं आणि बदललेल्या जीवनानं येतो.

मला हा अर्थ अपुरा वाटतो. शिरोळकडच्या एखाद्या जाणत्या शेतकऱ्याला हाच प्रश्न विचार. ‘न बघता कसं सांगू?’ म्हणेल. मग त्यालाच विचार, पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्यावर पाणी अमुक फूट झालं तर तुमच्या शिवारात काय होईल? जर-तरची अशी साखळी मांडेल की तू लिहून घेता घेता थकशील. पुढं स्क्रिब्नर आणि कोल या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी लायबेरियातल्या वाई लोकांचा अभ्यास केला, तो १९८१ मध्ये प्रसिद्ध झाला. या लोकांची स्वतःची लिपी आहे आणि ती शाळेबाहेर शिकली जाते. नुसत्या लिहिता-वाचता येण्यानं अशा कोड्यांच्या उत्तरांत मोठा फरक पडला नाही. शाळेत गेलेल्यांत पडला, विशेषतः आपलं उत्तर का बरोबर हे शब्दांत सांगण्यात. दिलेलं विधान खरं धरून चालायचं, हा शाळेतला शिरस्ता आहे.

म्हणूनच एक आकडा ध्यानात ठेव. २००३ ते २००७ मध्ये मानसशास्त्राच्या आघाडीच्या नियतकालिकांतल्या प्रयोगांत भाग घेणारे ९६ टक्के लोक पाश्चात्त्य औद्योगिक देशांतले होते, आणि त्या देशांत तेव्हा जगाची १२ टक्के लोकसंख्या राहत होती. कलकत्त्याच्या गिरींद्रशेखर बोस यांना हे कुठल्याही आकड्याशिवाय जाणवलं होतं. १९२२ मध्ये त्यांनी भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन केली, मनोविश्लेषणाचे जनक फ्रॉइड यांच्याशी वर्षानुवर्षं पत्रव्यवहार केला आणि स्पष्ट कळवलं की माझ्या भारतीय रुग्णांत तुम्ही म्हणता ती लक्षणं तितकी ठळक दिसत नाहीत. गुरूचा मान ठेवून गुरूला हे लिहायचं, तेही स्वतःच्या रुग्णांच्या भरवशावर. मला हा माणूस फार मोठा वाटतो.

आजोबांशी वाद घालू नकोस, न्यायदर्शन उघडून त्यांच्याजवळ बस. गौतमाचं सूत्र आहे, एकाच वेळी अनेक ज्ञानं उत्पन्न होत नाहीत, हीच मनाची खूण. त्यावर आक्षेप आला की लांब, कुरकुरीत शष्कुली (एक तळलेला खाऊ) खाताना आवाज, वास, चव, स्पर्श सगळं एकदमच येतं की! नैयायिकांचं उत्तर असं की कमळाच्या शंभर पाकळ्या सुईनं टोचल्या तर एकदम टोचल्यासारख्या वाटतात, पण सुई जाते एकेकीतून. लक्ष एका वेळी किती गोष्टींना पुरतं, हा प्रश्न आजही प्रयोगशाळेत मिलिसेकंदांत मोजला जातो. प्रश्न तोच, कसोटी वेगळी. दोन्ही एकच आहे असं आजोबांना म्हणू दे, तू म्हणू नकोस.

एम.ए. मानसशास्त्रातच कर. संख्याशास्त्राला घाबरून भाषाशास्त्राकडे पळत असशील तर तिथंही ते गाठेलच. भाषाशास्त्राचं वाचन विद्यापीठाच्या खर्डेकर ग्रंथालयात बसून बाजूनं चालू ठेव, निदान ध्वनी आणि वाक्यरचना एवढं तरी पक्कं कर. एक वही वेगळी ठेव. माणसं आपला त्रास ज्या शब्दांत सांगतात त्याच शब्दांत तिच्यात लिही, छाती भरून येते म्हटलं तर छाती भरून येते असंच. निदानाचं नाव त्या पानावर नको. कुणाचं नाव, गाव, ओळख पटेल असं काही नको, आणि विचारल्याशिवाय कुणाचं काही लिहायचं नाही. मित्रांना डिप्रेशन, ओसीडी असली लेबलं चिकटवायची नाहीत. कुणी खरोखर खचलेलं दिसलं तर त्याला डॉक्टरांकडे सोबत घेऊन जायचं. ते काम वहीच्या आधी येतं.

परीक्षा झाली की ये.

तुझे,
सर