'परफेक्ट डेज' आवडला, आता कोजी याकुशोंचं आणखी काय पाहू?

'परफेक्ट डेज'मध्ये टोकियोतली सार्वजनिक स्वच्छतागृहं साफ करणारा हिरायामा ज्यांनी केला, ते आधी काय करत होते आणि त्यांचं आणखी काय पाहावं, असं तुम्ही विचारलंय. फार आवडता नट आहे माझा.

कोजी याकुशो यांचा जन्म १९५६ चा, नागासाकी प्रांतातल्या इसाहायाचा. टोकियोत चियोदा वॉर्डाच्या कार्यालयात ते नोकरीला होते. तात्सुया नाकादाइ या थोर नटाचं गॉर्कीचं नाटक पाहिलं आणि नोकरी सोडून त्यांच्याच 'मुमेइजुकु' या नाट्यशाळेत गेले. याकुशो हे नावही नाकादाइंनीच दिलेलं.

घरोघरी पोचले ते टीव्हीमुळे. १९८३ साली एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीच्या वर्षभर चालणाऱ्या ऐतिहासिक मालिकेत त्यांनी ओदा नोबुनागा हा सोळाव्या शतकातला सरदार केला, पुढच्याच वर्षी प्रसिद्ध तलवारबाज मियामोतो मुसाशी. एवढ्या यशानंतर जन्मभर तलवार घेऊनच उभं राहावं लागणं सहज शक्य होतं.

तसं झालं नाही. १९९६ च्या 'शॅल वुई डान्स?'मध्ये ते बायकोपासून लपवून नाच शिकणारा हिशेबनीस आहेत. आधी हाच पाहा. टेबलाखाली पावलं गिरवणारा हा संकोची माणूस काल-परवाचा नोबुनागा होता, यावर विश्वास बसत नाही. १९९७ मध्ये आलेला दिग्दर्शक इमामुरांचा 'द ईल' (याला कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम दोर, विभागून मिळाला) आणि दिग्दर्शक कियोशी कुरोसावांचा 'क्युअर' हे लागोपाठ बघा. पहिल्यात बायकोच्या खुनाची शिक्षा भोगून सुटलेला न्हावी, दुसऱ्यात खुनांचा तपास करणारा पोलीस. दोघंही आतलं काही बाहेर येऊ देत नाहीत. 'क्युअर'मध्ये संशयितासमोर तो पोलीस एकदाच फुटतो, आणि इतका वेळ त्यानं काय दाबून धरलं होतं ते तेव्हा कळतं. माझ्या मते हीच याकुशोंची खरी ताकद: भावना दाखवायच्या नाहीत, त्या आवरताना होणारे कष्ट दाखवायचे. हिरायामा छोट्या आरशानं भांड्याची खालची कड तपासतो, तेव्हाही तुम्ही तेच पाहिलंत. त्या भूमिकेला २०२३ मध्ये कानचं सर्वोत्तम अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. हा मान मिळवणारे ते दुसरेच जपानी नट. पहिला होता किशोरवयीन युया यागिरा, २००४ साली.

हॉलिवूडमध्येही त्यांनी काम केलंय, 'बेबेल' वगैरे. ते मागाहून पाहिलं तरी चालेल. पण दिग्दर्शिका मिवा निशिकावा यांचा 'अंडर द ओपन स्काय' मात्र चुकवू नका. तेरा वर्षं तुरुंगात काढलेला जुना याकुझा (जपानी टोळीतला गुंड) बाहेर येऊन सरळ जगायचा प्रयत्न करतो. राग तर नाकाच्या शेंड्यावर, आणि रक्तदाब वाढलेला. हिरायामाइतका शांत नाही हा माणूस, भरपूर बोलतो, भांडतो, मुलासारखा हसतो. एकच पाहायला वेळ असेल तर मी हाच सुचवेन.