अमेरिकेतल्या बड्या घरच्या बायका: काय वाचावं आणि कशाच्या जोडीने

तुमचा प्रश्न असा आहे: एकोणिसाव्या शतकातल्या न्यूयॉर्कवरची मालिका पाहून तिथल्या श्रीमंत घरांतल्या बायकांबद्दल कुतूहल वाटलं. त्यांची लग्नं कशी ठरत, घर कोण चालवी, मुलं कोण वाढवी हे सांगणारी पुस्तकं हवीत. कादंबऱ्या चालतील, पण नुसते राजवाडे आणि हिरे नकोत. हा माझ्या फार आवडीचा विषय आहे, त्यामुळे सविस्तर लिहिते. सांगणं मात्र एकच आहे. मालकिणीचं पुस्तक एकटं वाचू नका. त्याच घरात किंवा तशाच घरात पगारावर, नाहीतर गुलामीत राबलेल्या बाईचं पुस्तक सोबत ठेवा. दोन्ही वाचलीत तरच ते घर पूर्ण दिसतं.

सुरुवात कॉन्सुएलो व्हँडरबिल्टच्या 'द ग्लिटर अँड द गोल्ड' या आत्मचरित्राने करा. जन्म १८७७चा. जहाजं आणि रेल्वेच्या जोरावर अफाट श्रीमंत झालेल्या कॉर्नेलियस व्हँडरबिल्टची ही पणती. लहानपणी पाठ ताठ राहावी म्हणून अभ्यासाला बसताना तिच्या पाठीला लोखंडी सळई बांधत. पट्टे कमरेला, खांद्यांवर आणि एक कपाळावरून. तशा अवस्थेत पुस्तक वाचायचं तर ते समोर उंच धरावं लागे. लग्नाच्या सकाळी ती एकटी रडत होती, दाराबाहेर नोकर उभा केला होता, आणि तिच्या शिक्षिकेलाही आत सोडलं नाही. ६ नोव्हेंबर १८९५ रोजी तिचं इंग्लंडमधल्या मार्लबरोच्या नवव्या ड्यूकशी लग्न लागलं. मनात दुसरा मुलगा होता, आणि आईला ते ठाऊक होतं. ड्यूकला २५ लाख डॉलरचे रेल्वेचे शेअर मिळाले. हे सगळं आपल्याला फारसं समजावून सांगावं लागत नाही. हुंडा, घराण्याचं नाव, आणि 'मला काही झालं तर त्याला तू जबाबदार' असं म्हणणारी आई, तिन्ही आपल्या ओळखीची आहेत.

ही आई म्हणजे अल्व्हा, आणि माझ्या मते खरी वाचण्यासारखी बाई तीच. अलाबामातल्या मोबाईल गावची. जुन्या न्यूयॉर्कवर मिसेस कॅरोलाइन ॲस्टर यांचं राज्य होतं. कोणाला घरात घ्यायचं आणि कोणाला नाही हे त्या ठरवत, आणि नव्या पैशाच्या व्हँडरबिल्टांकडे त्या जात नसत. मार्च १८८३मध्ये अल्व्हाने फिफ्थ ॲव्हेन्यूवरच्या नव्या घरात वेषांतराचा मोठा बॉल, म्हणजे नाचाचा समारंभ, ठेवला. ॲस्टरबाईंच्या मुलीला त्यात नाचायचं होतं, पण ज्या घरी आईने कधी भेटीचं कार्ड पाठवलं नाही तिथून आमंत्रण कसं येणार? शेवटी कार्ड गेलं आणि आमंत्रण आलं, असं सांगतात. १८९५मध्ये, म्हणजे मुलीला बळेबळे लग्नाला उभं केलं त्याच वर्षी, अल्व्हाने स्वतः घटस्फोट घेतला. पुढे ती स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत पडली, न्यूपोर्टमधला 'मार्बल हाउस' नावाचा आपला वाडा तिने सभांसाठी खुला केला, आणि १९१४च्या परिषदेसाठी 'स्त्रियांना मत द्या' असं लिहिलेल्या कपबशा करून घेतल्या. १९२६मध्ये मुलीचं पहिलं लग्न चर्चकडून रद्द करून घ्यायचं होतं, तेव्हा आपणच जबरदस्ती केली हे तिने स्वतः कबूल केलं. अमांडा मॅकेन्झी स्टुअर्ट यांनी मायलेकींचं एकत्र चरित्र लिहिलंय, ते कॉन्सुएलोच्या पुस्तकानंतर लगेच वाचा. मुलीच्या पुस्तकात आई कठोर दिसते. चरित्रात ती तशी का झाली याचा माग लागतो.

तो माग लागण्यासाठी एक कायदा माहीत हवा. इंग्रजी कायद्याच्या परंपरेत लग्न झालं की बाईचं वेगळं कायदेशीर अस्तित्व संपे. तिची मिळकत, तिची कमाई नवऱ्याची होई. न्यूयॉर्क राज्याने विवाहित स्त्रियांना स्वतःच्या मालमत्तेवर हक्क दिला तो १८४८मध्ये, आणि स्वतःच्या कमाईवरचा हक्क त्यानंतर, १८६०मध्ये. तोवर श्रीमंत बाप मुलीच्या नावे विश्वस्त नेमून पैसा बांधून ठेवत, म्हणजे जावयाला हात लावता येऊ नये. गरिबाच्या मुलीला ती सोय नव्हती. मोठ्या घरांत लग्नाच्या बोलण्यांत वकील का बसत, हे यावरून कळेल.

कादंबऱ्यांत एडिथ व्हॉर्टनला पर्याय नाही. ती याच वर्तुळात १८६२मध्ये जन्मली आणि लग्न होईपर्यंत कादंबऱ्या वाचायची तिला आईकडून मनाई होती. 'द एज ऑफ इनोसन्स'साठी १९२१मध्ये तिला पुलित्झर पारितोषिक मिळालं. कादंबरीसाठी ते मिळवणारी ती पहिली स्त्री. बहुतेक जण तेच सुचवतात. मी मात्र १९०५च्या 'द हाउस ऑफ मर्थ'ला आधी हात घाला म्हणेन. लिली बार्ट एकोणतीस वर्षांची, देखणी, अनाथ, हाती पैसा नाही. तिच्या वर्गातल्या मुलीला एकच काम शिकवलेलं असतं, चांगलं स्थळ मिळवणं, आणि तेवढंच तिला जमत नाही. पत्त्यांत हरते, कर्जात पडते, शेवटी टोप्या शिवणाऱ्या कारखान्यात बसते. टोपीवर टिकल्या टाकायचं काम तिला धड येत नाही. आजवर तशा टोप्या ती फक्त घालत आली होती. मुकादमीण तिचं काम नापसंत करून परत देते, आणि बाजूच्या मुली काम करता करता लिलीच्याच मैत्रिणींबद्दल बोलत असतात. तो प्रसंग सावकाश वाचा.

आणि मग लगेच, त्याच आठवड्यात, एलिझाबेथ केकलीचं 'बिहाइंड द सीन्स' घ्या. ही गुलाम म्हणून जन्मली, शिवणकामाच्या बळावर १८५५मध्ये सेंट लुईसमध्ये १,२०० डॉलर भरून तिने स्वतःला आणि मुलाला सोडवलं. पैसे तिच्या गिऱ्हाईक बायकांनी उसने दिले होते, ते तिने शिवून फेडले. वॉशिंग्टनला आल्यावर ती आधी जेफरसन डेव्हिसच्या बायकोचे कपडे शिवायची, म्हणजे जो पुढे दक्षिणेच्या बंडखोर राज्यांचा अध्यक्ष झाला त्याच्या घरचे, आणि नंतर व्हाइट हाउसमध्ये अध्यक्ष लिंकनची बायको मेरी लिंकन हिचे. माप घेताना, बटणं लावताना जे कानावर पडतं ते तिने लिहिलं आहे: मुलगा गेल्यावरचा मेरी लिंकनचा आकांत, नवऱ्यापासून लपवलेली कपड्यांची उधारी, आणि विधवा झाल्यावर जुने कपडे विकायची तिची धडपड. १८६८मध्ये पुस्तक आलं आणि मेरीने तिच्याशी संबंध तोडले. राजकारण्याच्या खाजगी गोष्टी गोऱ्या माणसाने लिहिल्या तर आठवणी ठरत. काळ्या शिंपिणीने लिहिल्या तर विश्वासघात. केकलीचा शेवट वॉशिंग्टनमधल्या निराधार स्त्रियांच्या आश्रमात झाला. मला हे पुस्तक कॉन्सुएलोच्या पुस्तकापेक्षा मोठं वाटतं.

दक्षिणेकडच्या मळ्यांवरच्या मालकिणींसाठी मेरी बॉयकिन चेस्नटची यादवी युद्धाच्या काळातली रोजनिशी आहे. नवरा साउथ कॅरोलायनाचा सिनेटर, स्वतः तल्लख, मूल नाही, जेवणाच्या टेबलावर सेनापती आणि मंत्री. तिचं एक निरीक्षण सगळे इतिहासकार सांगतात: दुसऱ्यांच्या घरातल्या मिश्र रंगाच्या मुलांचा बाप कोण हे प्रत्येक बाई सांगू शकते, स्वतःच्या घरातली मात्र जणू आभाळातून पडलेली असतात. इतकं स्पष्ट दिसणारी ही बाई गुलामीचा तिरस्कार करते ती बऱ्याच अंशी मालकिणींच्या मानहानीमुळे; त्या मुलांच्या आयांबद्दल तिच्या मनात फारशी माया नाही. आणखी एक लक्षात ठेवा: तिने १८८०च्या दशकात आपल्या नोंदी पुन्हा लिहून काढल्या, त्यामुळे सगळं त्या त्या दिवशी लिहिलेलं आहे असं समजू नये. १९०५ची जुनी आवृत्ती फुकट मिळते, पण तिच्यात बरीच काटछाट आहे, सी. व्हॅन वुडवर्ड यांनी संपादित केलेली १९८१ची आवृत्ती मिळाली तर तीच घ्या.

तिच्या जोडीला हॅरिएट जेकब्सचं १८६१चं 'इन्सिडेंट्स इन द लाइफ ऑफ अ स्लेव्ह गर्ल'. मालक मागे लागलेला, आणि मालकीण त्याचा राग हिच्यावर काढणारी. नॉर्थ कॅरोलायनातल्या एडेंटन गावात आजीच्या घराच्या छपराखालच्या खोपटात ती जवळजवळ सात वर्षं लपून राहिली. नऊ फूट लांब, सात फूट रुंद, सर्वांत उंच जागी तीन फूट. गिरमिटाने पाडलेल्या भोकातून खाली खेळणारी आपली मुलं बघायची. हे पुस्तक कोणीतरी रचलेली कादंबरी आहे असं अभ्यासक कित्येक दशकं धरून चालले होते. जीन फेगन येलिन यांनी पत्रं आणि कागदपत्रं शोधून १९८७च्या आवृत्तीत सगळं सिद्ध केलं.

यात न्यूयॉर्कशी जोडणारा एक धागा आहे, आणि तुमच्या प्रश्नाला तो नेमका लागू पडतो. उत्तरेत पळून आल्यावर जेकब्स नॅथॅनियल पार्कर विलिस या लेखकाच्या घरी मुलं सांभाळायला राहिली. न्यूयॉर्कच्या उच्चभ्रूंना 'वरचे दहा हजार' हे नाव देणारा हाच विलिस. बड्या लोकांच्या रीतिभाती लिहून तो प्रसिद्ध झाला होता. त्याच्या घरात दिवसभर मुलांमागे धावून झाल्यावर ही बाई रात्री, कोणाला न सांगता, आपलं पुस्तक लिहीत होती. विलिसच्या दुसऱ्या बायकोने १८५२मध्ये ३०० डॉलर देऊन तिला सोडवलं. जेकब्स त्या बाईचे उपकार मानते, पण स्वतंत्र म्हणवणाऱ्या न्यूयॉर्कमध्ये आपल्या विक्रीची पावती व्हावी याचा संताप ती लपवत नाही. आणि पुस्तकाचं संपादन केलं लिडिया मरिया चाइल्डने, जिचं काटकसरीने घर कसं चालवावं यावरचं १८२९चं पुस्तक अमेरिकेत घरोघरी होतं. अमेरिकन कुटुंबजीवनाचा केवढा तरी इतिहास या एका पुस्तकाभोवती गोळा झाला आहे.

हे वाचून झालं की इतिहासकारांची दोन पुस्तकं बघा. थॅव्होलिया ग्लिम्फ यांचं 'आउट ऑफ द हाउस ऑफ बाँडेज' आणि स्टेफनी जोन्स-रॉजर्स यांचं 'दे वेअर हर प्रॉपर्टी'. मळ्यावरची मालकीण बिचारी, सौम्य, नवऱ्याच्या हुकुमाखालची, ही समजूत दोघींनी पुराव्यानिशी मोडून काढली आहे. दुसरं पुस्तक तर बायकांच्या स्वतःच्या मालकीच्या गुलामांवरच आहे. काळ्या समाजातल्या सुशिक्षित, सुखवस्तू वर्गासाठी मेरी चर्च टेरेल यांचं १९४०चं आत्मचरित्र वाचा.

शिष्टाचाराच्या आणि गृहिणीधर्माच्या जुन्या पुस्तकांपासून थोडं जपून. घरकामाचा ग्रंथ लिहून नाव मिळवणाऱ्या कॅथरीन बीचरने स्वतः लग्न केलं नव्हतं. अशी पुस्तकं लोकांनी कसं वागावं हे सांगतात. लोक खरोखर कसे वागले यासाठी रोजनिशा, पत्रं, हिशेबाच्या वह्या बघाव्या लागतात. म्हणूनच, बड्या घरची नसली तरी, मेन राज्यातल्या मार्था बॅलार्ड या सुईणीची गोष्ट मी प्रत्येकाला सुचवते. १७८५ ते १८१२, सत्तावीस वर्षं तिने रोजच्या नोंदी ठेवल्या: कोणाचं बाळंतपण, किती मजुरी, किती सूत, नदीला पूर. ८१६ बाळंतपणं त्यात आहेत. जुन्या इतिहासकारांना त्या नोंदी किरकोळ वाटल्या. लॉरेल थॅचर उलरिच यांनी त्यांतूनच 'अ मिडवाइफ्स टेल' उभं केलं, आणि १९९१मध्ये त्याला इतिहासाचं पुलित्झर मिळालं. घराचा व्यवहार बायकांच्या हातात किती होता, आणि सरकारी दप्तरात त्याचा मागमूसही कसा नाही, हे तिथे पानापानावर दिसतं.

आता मराठीतलं. पंडिता रमाबाई १८८६ ते १८८८ अमेरिकेत होत्या आणि त्यांनी १८८९मध्ये 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' हे पुस्तक काढलं. तिथली घरं, शिक्षण, स्त्रियांची स्थिती, स्त्रियांच्या संघटना, सगळ्याची त्यांनी नीट पाहणी केली आहे. म्हणजे अल्व्हाचा मार्बल हाउस बांधून पुरा व्हायच्या थोडं आधी एक मराठी बाई त्या समाजाबद्दल लिहीत होती, आपल्या वाचकांसाठी. त्यांचं कौतुक भरभरून आहे, आणि वर्णभेदाबद्दल त्या गप्प बसत नाहीत. बॉस्टनमध्ये डिसेंबर १८८७मध्ये रमाबाई असोसिएशन स्थापन झाली. सभासदांनी दहा वर्षं दरसाल एक डॉलर द्यायचा असं ठरलं, आणि त्या पैशावर मुंबईत शारदा सदन सुरू झालं. सुखवस्तू अमेरिकन बायकांना घराबाहेर सार्वजनिक काम करायची जी वाट मान्य होती, ती अशीच धर्मादायाची होती. डॉ. आनंदीबाई जोशींना न्यू जर्सीतल्या रोझेल गावी घरच्यासारखं ठेवून घेणाऱ्या मिसेस कार्पेंटर याच काळातल्या. आनंदीबाई त्यांना मावशी म्हणत. अमेरिकन मध्यमवर्गीय घर आतून पाहणाऱ्या पहिल्या मराठी नजरेसाठी आनंदीबाईंची पत्रं जरूर मिळवा.

एवढं सगळं एकदम होणार नाही, हे मला कळतं. या महिन्यात 'द हाउस ऑफ मर्थ' आणि केकली ही एकच जोडी घ्या. दोन्ही स्वामित्वहक्काबाहेर आहेत, प्रोजेक्ट गुटेनबर्ग या संकेतस्थळावर फुकट मिळतात. जेकब्सचं पुस्तकही तिथेच आहे. केकली वाचताना शेवटी जोडलेली मेरी लिंकनची पत्रं वगळू नका. कपड्यांच्या किमती, कोणाला किती द्यायचं, कोण विकत घेईल, याच विवंचनेने ती भरलेली आहेत.