मॉरिशसमध्ये मराठी माणसं कशी पोहोचली?

ऊसतोडीला. ब्रिटिशांनी गुलामगिरी बंद केली आणि मॉरिशसच्या मळेवाल्यांना मजूर कमी पडू लागले. मग हिंदुस्थानातून करारावर माणसं नेणं सुरू झालं. २ नोव्हेंबर १८३४ रोजी 'अ‍ॅटलस' जहाजातून कलकत्त्याहून ३६ जण मॉरिशसच्या पोर्ट लुई बंदरात उतरले. करार ५ वर्षांचा, पगार महिना ५ रुपये. पुढे १९२०पर्यंत साडेचार लाखांच्या आसपास लोक गेले. बहुतेक बिहारी आणि तमिळ, पण मुंबई बंदरातून रत्नागिरी-साताऱ्याकडचेही बरेच.

धक्क्यावरच्या १६ दगडी पायऱ्या अजून आहेत. अप्रवासी घाट म्हणतात त्याला, २००६पासून जागतिक वारसास्थळ. कारकुनाने वहीत जे नाव लिहिलं, तेच पुढे कित्येकांचं आडनाव झालं. म्हणून तिथे गावावरून पडलेली '-कर' आडनावं शोधत बसू नका!

आज घरात बहुतेक जण क्रिओल (फ्रेंचवरून घडलेली तिथली बोली) बोलतात, मराठी शाळेत शिकतात. पण गणेश चतुर्थीला देशभर सार्वजनिक सुट्टी असते आणि गणपतीपुढे 'झाकरी' नाचतात. आपल्या कोकणातली जाखडीच ती, उच्चार तेवढा बदललाय.