'परिस्थितिजन्य पुरावा' आणि 'असावा'

प्रश्न आला आहे तो असा : 'परिस्थितिजन्य' लिहायचे की 'परिस्थितीजन्य'? आणि असा पुरावा म्हणजे कच्चा, दुय्यम पुरावा का?

लेखनाचे उत्तर सोपे आहे. सुटा शब्द 'परिस्थिती', पण असा तत्सम शब्द समासात आधी आला की ऱ्हस्व होतो : भक्ती पण भक्तिमार्ग, बुद्धी पण बुद्धिवैभव. म्हणून 'परिस्थितिजन्य'. बातम्यांत दीर्घ 'ती' सर्रास दिसते, तरी ती चूकच.

दुसऱ्या शंकेचे मूळ मला 'जन्य'मध्ये दिसते. जलजन्य आजार पाण्यातून उद्भवतो. त्याच चालीवर हा पुरावा परिस्थितीने घडवलेला, योगायोगाने हाती लागलेला वाटतो. शिवाय आपली 'परिस्थिती' एकसंध असते, 'घरची परिस्थिती बेताची' म्हणतो तशी. कायद्याला मात्र सुट्या सुट्या बाबी अभिप्रेत आहेत. 2024 पर्यंत लागू असलेल्या 1872 च्या पुरावा कायद्यातच उदाहरण होते : खुनाच्या जागी किंवा जवळपास झटापटीने जमिनीवर उमटलेल्या खुणा. त्या खुणा कोणाचेही नाव घेत नाहीत. मग मयताबरोबर शेवटचे कोण दिसले, आरोपीने दाखवलेल्या जागेवरून हत्यार निघाले का, असे एकेक दुवे जोडत साखळी होते. ती अखंड असेल तर प्रत्यक्षदर्शी नसतानाही शिक्षा होते. तेव्हा दुय्यम मुळीच नाही. अट तेवढी कडक.

त्या अटीत मराठी क्रियापदाचीही परीक्षा आहे, आणि मला सर्वांत मोलाचे तेच वाटते. 1973 मध्ये महाराष्ट्रातल्या एका खुनाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाचे न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनी लिहिले की, आरोपी दोषी 'असू शकेल' आणि 'असलाच पाहिजे' यांतले अंतर फार मोठे आहे. एकीकडे धूसर तर्क, दुसरीकडे पक्का निष्कर्ष. आता मराठीत पाहा. 'दिवा चालू आहे, म्हणजे तो घरी असला पाहिजे.' हा अंदाजच झाला! दिवा विसरूनही राहतो. आपले 'असला पाहिजे' पुष्कळदा 'असावा'च्या शेजारीच बसते. निश्चय आणायचा तर 'च' हवा, किंवा सरळ 'दुसरी कुठलीही शक्यता उरत नाही' म्हणावे. 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पाच कसोट्या सांगितल्या आणि त्यांना 'पंचशील' म्हटले. त्यांतली एक हीच : आरोपीचा दोष सोडून इतर प्रत्येक शक्यता बाद झाली पाहिजे.

'परिस्थितिजन्य' रुळला आहे, तो बदलू नये. पण 'आरोपीनेच खून केला असावा, असे परिस्थितिजन्य पुराव्यावरून सिद्ध झाले' हे वाक्य कृपया लिहू नका. 'असावा' वाटते तेव्हा आरोपी सुटतो. सिद्ध झाले असेल तर 'केला' लिहा.