वेली गुलाबाला झुडपाची कात्री नको

प्रश्न : शेतघराच्या कुंपणालगत दोन वर्षांपूर्वी झुडूप गुलाब आणि वेली गुलाब, दोन्हींची कलमं लावली. दर ऑक्टोबरला सगळ्यांची सारखीच छाटणी करतो. झुडपं फुलतात, वेलींना नुसता पाला. खत कमी पडतंय का? (एक शेतकरी, ता. शहापूर, जि. ठाणे)

उत्तर : खत वाढवू नका, पालाच वाढेल. चूक कात्रीची दिसते.

झुडूप गुलाब ३ ते ६ फूट वाढतो, आपल्या बुंध्यावर उभा राहतो आणि नव्या फुटीवर फुलतो. म्हणून पाऊस ओसरल्यावरची छाटणी त्याला मानवते. वेली गुलाब नावालाच वेल. त्याला कारल्यासारखे ताणे नसतात. तो ८ ते १५ फुटांच्या ताठ काठ्या फेकतो, त्या आपणच बांधायच्या. फुलं येतात ती या जुन्या काठ्यांच्या बगलेतून निघणाऱ्या आखूड फांद्यांवर. तुम्ही दरवर्षी काठ्याच उडवता, मग झाड पुन्हा काठ्या करत बसतं.

यंदा फक्त वाळलेलं, रोगट लाकूड काढा, बगलेच्या फांद्या दोन-तीन डोळे (फूट निघण्याच्या जागा) ठेवून छाटा आणि कापांना बोर्डो पेस्ट (मोरचूद-चुन्याचा लेप) लावा. मग काठ्या हळूहळू वाकवून कुंपणाला आडव्या बांधा. उभ्या काठीचा शेंडा खालच्या डोळ्यांना दाबून ठेवतो. ती आडवी केली की पेऱ्यापेऱ्यावरचा डोळा फुगायला लागतो. बांधायला सुतळी घ्या, गाठ सैल ठेवा. तार काठीच्या सालीत रुतते.

एकदा खाली वाकून बुंधाही बघा. डोळा भरलेल्या (कलम बांधलेल्या) जोडाच्या खालून जोमदार फूट येत असेल तर ती खुंटाची, म्हणजे ज्या मुळाच्या झाडावर कलम बांधलं त्याची. माती सारून मुळापासून ओढून काढा, वरून कापली तर दुप्पट येते.

आणखी एक. काही वेली या झुडूप जातीच्या फांदीत आपोआप बदल होऊन निघालेल्या असतात. १९५८ सालच्या ‘आइसबर्ग’पासूनचा ‘क्लाइंबिंग आइसबर्ग’ असाच. अशी वेल सुरुवातीच्या वर्षांत खालून छाटली तर कधी कधी परत झुडूप होते. तुमची जात कोणती, ते नर्सरीवाल्याला विचारा.

पानांवरचे काळे ठिपके (बुरशीचा रोग) मात्र आपल्या पावसात दोन्हींना येतात. गळलेली पानं गोळा करून जाळा, पाणी बुंध्याशीच द्या. कल्याणच्या बाजारात रोज फुलं न्यायची असतील तर झुडूपच वाढवा. वेल कुंपणापुरती ठीक.