तो आवाज काढ

प्रिय,

तुझी अकरा मिनिटांची फिल्म तीनदा बघितली. सोबतचा लांबलचक मेसेजही वाचला. 'लोकांना कळत नाहीये, अजून काय घालू?' काही घालू नकोस. काढ. तो निवेदनाचा आवाज काढ.

पोरगा वाण्याकडे साखर आणायला जातो. वाणी उधारीची वही उघडतो. नुकताच जोडाक्षरं वाचायला लागलेला पोरगा काउंटरच्या अलीकडून, उलट्या अक्षरांत, बापाचं नाव वाचतो. नाण्यांशी खेळणारं त्याचं बोट थांबतं. इथे माझा श्वास अडकला होता. आणि तेवढ्यात तू कानात सांगतोस, 'त्या दिवशी माझं बालपण संपलं.' अरे, कोणी विचारलं होतं?

फ्रेंच दिग्दर्शक झां व्हिगोची १९३३ची फिल्म 'झेरो द काँद्युइत' बघ. वसतिगृहातली पोरं रात्री उशा फोडतात, पिसं उडतात आणि स्लो मोशनमध्ये मिरवणूक निघते. संगीतकार मोरिस जोबेरनं धून उलटी लिहून वाजवून घेतली, मग ते रेकॉर्डिंग पुन्हा उलटं चालवलं. धून सरळ लागते, पण प्रत्येक सूर शेपटाकडून उगवतो. काय झालं ते कुणी समजावत बसत नाही. फ्रान्समध्ये या फिल्मवर बंदी आली, ती महायुद्ध संपेपर्यंत उठली नाही. व्हिगो १९३४ मध्येच गेला, २९ वर्षांचा. आणि चार मित्रांना कळली नाही म्हणून तू हातपाय गाळतोस!

मीही घातलं होतं निवेदन. 'परीक्षकांना कळायला हवं' असं कुणीतरी म्हणालं आणि मी घाबरलो. मोरीत गोधडी टांगून स्वतःच्याच आवाजात रेकॉर्ड केलं. आईनं फिल्म बघितली आणि म्हणाली, "ते बोलणं कशाला? कळत होतं की." निगेटिव्ह राहिली नाही, उरली ती एक व्हीएचएस, त्या आवाजासकट. आता काढताही येत नाही.

त्यानंतर एकाही फिल्मला निवेदन दिलं नाही. दोन कामं गेली त्यापायी. हेकट म्हणतात मला. म्हणोत. एका ठिकाणी निवेदन खरंच लागत होतं, हे आज कबूल करतो. पण तेव्हा नमलो असतो तर पुढे प्रत्येक वेळी नमलो असतो. असो. तुझ्या फिल्ममध्ये ते लागत नाही. काढ.

बासरीसुद्धा काढ, आता लिहितोच आहे तर.

वहीचा शॉट जेमतेम चार सेकंद आहे. मूळ फूटेजमध्ये पुढे असेलच. वाणी वर न बघता "अजून काय देऊ?" असं विचारतो का त्यात? विचारत असेल तर ते ठेव.