धातूला जडलेला रोग

प्रश्न : मी अद्भुतकथा लिहितेय. तिच्यातल्या राज्यात शाप लागला की धातूची भुकटी होते. वाचकांना पटेल का?

उत्तर : पटेल, ताई. कथलाला खरंच असा रोग जडतो. सुमारे १३ अंश सेल्सिअसच्या खाली शुद्ध कथील हळूहळू करडं पडतं, फुगतं, भुगा होतं. रोगट कण चांगल्या कथलाला लागला, तर तेही बिघडतं. युरोपात चर्चमधल्या ऑर्गनच्या नळ्यांवर असे फोड उठत. लोक म्हणत, सैतानाची करणी.

लहानपणी आमच्या अंगणात कल्हईवाला तापल्या पातेल्यात नवसागर टाकून कापसाने कथील फिरवायचा. धूर विरला की आत चंद्र उगवल्यासारखं दिसे. ते झळझळीत कथील करडं पडताना नुसतं मनात आणलं तरी गलबलतं. म्हणून सांगते, शाप थंडीतच पसरू द्या. आणि पहिला फोड राजमुकुटावर नको, रोजच्या पातेल्यात दाखवा.